वही दर वेळी माझ्याकडेच का सरकते?

प्रश्न (थोडक्यात, ओळख पटेल असे तपशील वगळून) : मी ३५ वर्षांची आहे. एका डिझाइन कंपनीत नऊ वर्षं काम करतेय. सात जणांच्या टीममध्ये मी एकटीच बाई, आमच्या प्रमुखही बाईच. मीटिंग सुरू झाली की टिपणांची वही माझ्याकडे सरकते. ती कपाटावर असते आणि माझी खुर्ची कपाटाशेजारी, असं सुरुवातीला वाटायचं. नवीन माणूस आला की 'याला जरा बघ' म्हणून माझ्या शेजारी बसवतात. निरोपसमारंभ, रजांची जुळवाजुळव, दोघांचं बिनसलं की मध्यस्थी, सगळं माझ्याकडे. क्लायंटला 'एवढ्या दिवसांत होणार नाही' हे सांगायचं असलं तरी मलाच फोनवर बसवतात. मुलगी झाल्यापासून बाहेरगावच्या कामांसाठी मात्र मला विचारलेलं नाही. या वर्षी माझ्या हाताखाली शिकलेला मुलगा टीम लीड झाला. माझ्या मूल्यमापनात लिहिलंय, 'सगळ्यांना सांभाळून घेतात, पण नेतृत्वाची झेप दिसत नाही.' परवा जुनी टिपणं चाळताना माझ्याच अक्षरातली एक ओळ दिसली. मीटिंगमध्ये एक कल्पना आधी मी मांडली होती. थोड्या वेळाने एका सहकाऱ्याने तीच मोठ्या आवाजात मांडली आणि टिपणात मी त्याचं नाव लिहिलं. नवरा म्हणतो, सोड ही नोकरी. मैत्रीण म्हणते, नाही म्हणायला शिक. मला वाटतं, माझा स्वभावच भिडस्त आहे. तो कसा बदलू?

उत्तर :

तुमच्या पत्राचं शेवटचं वाक्य मी परत परत वाचलं. बढती गेली, बाहेरची कामं गेली, स्वतःची कल्पना दुसऱ्याच्या नावावर चढली, आणि हे सगळं सांगून झाल्यावर तुम्ही विचारताय की स्वभाव कसा बदलू!

भिडस्तपणाचं हे निदान मला पटलेलं नाही. उलट पुरावा तुम्हीच दिलाय. क्लायंटला मुदत जमणार नाही हे सांगायला टीम तुम्हाला पुढे करते, असं तुम्ही ओघात लिहून गेलात. भीड पडणाऱ्या माणसाला असल्या फोनवर कोण बसवेल? तुम्हाला नाही म्हणता येतं, आणि चांगलंच येतं. ते फक्त त्या एका खोलीत, त्या एका वहीसमोर तोंडातून फुटत नाही. तेव्हा तुमचा स्वभाव आपण तूर्त बाजूला ठेवू आणि त्या खोलीकडे बघू.

मी या कामांना ऑफिसातलं वरकाम म्हणते. घर सांभाळलेल्या कुणालाही या शब्दाची फोड करून सांगावी लागत नाही. मुख्य काम वेगळं, आणि त्याच्या अवतीभवतीची उचलठेव, आवराआवर, निस्तरणं म्हणजे वरकाम. केलं तर कुणाला दिसत नाही, राहिलं तर सगळ्यांना दिसतं. ऑफिसात त्याची रूपं वेगळी असतात, इतकंच. टिपणं, वर्गणी, नव्याची ओळख करून देणं, रुसलेल्याची समजूत काढणं. यातलं एकही काम निरुपयोगी नाही, त्याशिवाय टीम चालत नाही. पण मूल्यमापनाच्या फॉर्मवर त्याला रकाना नसतो.

हे वरकाम कुणाकडे आणि का जातं, याचा एक सुरेख अभ्यास लिंडा बॅबकॉक, लीझ वेस्टरलुंड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१७ साली प्रसिद्ध केला. तिघातिघांचे गट संगणकासमोर बसवले. दोन मिनिटांत तिघांपैकी एकाने बटण दाबायचं. जो दाबेल त्याला कमी पैसे, बाकी दोघांना जास्त. कुणीच दाबलं नाही तर तिघांचंही नुकसान. म्हणजे आपल्या वहीसारखंच : कुणीतरी घ्यावी असं सगळ्यांना वाटतं, फक्त ते कुणीतरी आपण नसावं. मिश्र गटांत बायकांनी स्वतःहून बटण दाबण्याचं प्रमाण पुरुषांपेक्षा ४८ टक्क्यांनी जास्त निघालं. यावर कुणी म्हणेल, बघा, बायकांना मुळातच हौस. पण पुढे गंमत आहे. नुसत्या पुरुषांचे गट केले तेव्हा पुरुष व्यवस्थित बटण दाबत होते. त्यांच्या गटांची कामं बायकांच्या गटांइतकीच पार पडत होती. खोलीत बाई आली की मात्र त्यांचा हात थबकायचा, कारण ती दाबेल हे सगळ्यांनी धरलेलं होतं. तिनेही.

मग त्यांनी गटाबाहेरच्या एका व्यक्तीला अधिकार दिला, की यांच्यातल्या कुणाला तरी विनंती करा. बायकांकडे ४४ टक्के जास्त विनंत्या गेल्या, आणि विनंती करणारी व्यक्ती पुरुष असो वा बाई, त्याने फरक पडला नाही. विनंती आल्यावर बायकांनी ७६ टक्के वेळा हो म्हटलं, पुरुषांनी ५१ टक्के वेळा. तुमच्या प्रमुख बाई असूनही वही तुमच्याकडेच का येते, याचं उत्तर यात आहे. त्या दुष्ट असतील असं मला मुळीच वाटत नाही. त्यांना काम होऊन हवंय, आणि कुणाकडून ते बिनतक्रार होतं हे त्यांना नऊ वर्षांत पाठ झालंय.

आता मैत्रिणीच्या सल्ल्याकडे येते. 'नाही म्हणायला शिक' हे अर्धवट औषध आहे, कारण त्या नकाराची किंमत सगळ्यांना सारखी पडत नाही. न्यूयॉर्क विद्यापीठातल्या मॅडलिन हाइलमन आणि ज्युली चेन यांनी २००५ मध्ये हे दाखवून दिलं होतं. अडचणीतल्या सहकाऱ्याला मदत केली तर पुरुषाचं मूल्यमापन वर जातं, बाईचं जागेवर राहतं, कारण तिने ते करायचंच होतं. मदत केली नाही तर पुरुषाचं जागेवर राहतं आणि बाईचं खाली येतं. म्हणजे तुमच्यापुढे दोनच पर्याय ठेवलेत : हो म्हणा आणि शून्य मिळवा, नाहीतर नाही म्हणा आणि वजा व्हा. तुम्ही नऊ वर्षं शून्य निवडलं. त्याला भिडस्तपणा कशाला म्हणायचं? तो हिशेब होता, आणि त्या परिस्थितीत तो फारसा चुकीचाही नव्हता.

म्हणून एकट्याने, ऐन मीटिंगमध्ये, सहा जणांच्या नजरेसमोर वही परत सरकवण्याचा सल्ला मी देणार नाही. वही कुणाकडे जायची हे मीटिंगच्या आधीच ठरलेलं असलं पाहिजे.

इथे माझीच एक गोष्ट सांगते. तरुणपणी एका कार्यालयात मी सगळ्यांच्या रजांचा तक्ता सांभाळायचे. कुणी मला तो दिला हे आठवत नाही. कोण कधी नाही, त्याचं काम कुणाकडे, कुणाच्या घरी काय अडचण, सगळं माझ्या डोक्यात. मला त्याचा अभिमानही होता, माझ्यावाचून यांचं अडेल असा. मी नोकरी सोडली. महिनाभरात तो तक्ता सगळ्यांना दिसेल अशा संगणकावरच्या फायलीत गेला आणि जो तो आपापली रजा स्वतः लिहू लागला. कुणाचंही काही अडलं नाही. मला आधी राग आला, मग बरीच वर्षं हसू येत राहिलं.

तर पहिलं काम : दोन आठवडे मोजा. मोबाइलमध्ये किंवा कागदावर, तारीख, काम, किती मिनिटं आणि कुणी सांगितलं. टिपणं काढली ४० मिनिटं, ती नीट लिहून पाठवली २५ मिनिटं, दोघांचं भांडण सोडवलं पाऊण तास. 'कुणी सांगितलं' या रकान्यात प्रामाणिक राहा. काही ठिकाणी तिथे 'कुणीच नाही, मीच उठले' असं येईल. ते तुम्हाला दोषी ठरवायला नाही, तर कुठे नुसतं बसून राहिलं तरी चालेल हे कळायला.

मग प्रमुखांची वेळ मागा आणि यादी घेऊन जा. 'माझ्यावर अन्याय होतोय' इथून सुरुवात केली की समोरचा माणूस स्वतःचा बचाव करू लागतो आणि बोलणं त्याच्या हेतूंवर घसरतं. सुरुवात कामापासून करा : 'गेल्या दोन आठवड्यांत माझे इतके तास या सहा कामांत गेले. लीडच्या जबाबदारीसाठी मला ते तास हवेत. ही कामं पाळीने वाटू या. आडनावांच्या अक्षरक्रमाने मी तक्ता करून आणलाय, या महिन्यापासून सुरू करायचा का?' हो, तो तक्ता करणं हेही वरकामच. एवढं एक शेवटचं करा.

पाळीच हवी, 'कोण करेल?' असं विचारणं नको. त्या प्रश्नानंतरची दहा सेकंदांची शांतता बायकांना फार जड जाते, आणि बटणाच्या प्रयोगात नेमकं तेच घडलं होतं. पाळी सुरू झाल्यावर एखादा सहकारी टिपणं पाठवायला विसरेल. विसरू दे. तुम्ही हळूच पाठवून दिलीत की पाळी संपली असं समजा. काही जणी दुसरा उपाय सांगतात, की ही कामं मुद्दाम बेकार करा म्हणजे परत देणार नाहीत. तसलं काही करू नका. पुरुषाने टिपणं गचाळ लिहिली तर 'त्याला असल्या गोष्टींत रस नाही' म्हणतात. तुम्ही लिहिलीत तर 'हिला साधी टिपणंही जमत नाहीत' म्हणतील.

मात्र सगळं वरकाम झटकून टाकावं असंही मला वाटत नाही. यातलं एक काम तुम्ही ठेवावं, फक्त त्याचं नाव बदलून. 'याला जरा बघ' म्हणून तुमच्या शेजारी बसवलेली माणसं नऊ वर्षांत किती झाली? त्यातला एक आज टीम लीड आहे. माणूस घडवणं याला नेतृत्व म्हणतात, एरवी प्रशिक्षणाच्या नावाखाली कंपन्या त्यावर पैसे खर्च करतात. त्या मुलाच्या बढतीकडे तुम्ही तुमचा पराभव म्हणून बघताय. मी तुमच्या जागी असते तर पुढच्या स्वयंमूल्यमापनात पहिल्याच ओळीत लिहिलं असतं, की इतक्या जणांना मी तयार केलं आणि त्यातला एक लीड झाला. नव्यांना शिकवणं यापुढे तुमच्या वर्षाच्या उद्दिष्टांत लेखी येऊ द्या, तासांसकट. लेखी यायला नकार मिळाला, तर तेही काम पाळीच्या तक्त्यात.

त्या मुलाशी वैर धरू नका. तो बहुधा तुमच्या बाजूने बोलणारा पहिला माणूस होऊ शकतो. आता मीटिंग तोच चालवणार असेल तर पाळी लावणं त्याच्या हातात आहे.

'नेतृत्वाची झेप' हे शब्द तसेच सोडू नका. झेप मोजायची पट्टी कुठे मिळते? विचारा : 'गेल्या वर्षातला असा एक प्रसंग सांगा जिथे झेप हवी होती आणि दिसली नाही. आणि पुढच्या सहा महिन्यांत नेमकं काय केलं तर ती दिसेल?' उत्तर आलं तर तुमच्या हाती काम आलं. नुसते हातवारे आले तर तो शेरा तुमच्याबद्दल फारसं काही सांगत नव्हता, हेही कळलं. दोन्ही उत्तरं त्याच दिवशी मेलमध्ये लिहून पाठवा, 'आज आपलं असं बोलणं झालं' म्हणून. टिपणं काढायची तुम्हाला सवय आहेच.

बाहेरगावच्या कामांचा मुद्दा तुम्ही एका वाक्यात उरकलात. माझ्या मते बढतीचं खरं दुखणं तिथे आहे, वहीपेक्षाही जास्त. क्लॉडिया गोल्डिन यांना २०२३ चं अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. श्रीमंत देशांत आज स्त्री-पुरुषांच्या कमाईतला फरक मुख्यतः एकाच व्यवसायातल्या स्त्री-पुरुषांमध्ये आहे आणि तो बराचसा पहिल्या मुलाच्या जन्मानंतर पडतो, असं त्यांचं काम दाखवतं. ज्या नोकऱ्या 'कधीही बोलवा, मी हजर' या तयारीला वाजवीपेक्षा जास्त मोल देतात, तिथे हा फरक रुंदावतो. आई झालेली बाई हजर राहू शकणार नाही असं धरून चालतात. तुमच्या बाबतीत तर तुम्हाला विचारण्याचे कष्टही कुणी घेतले नाहीत. ते काळजीपोटी केलं असेल, खरंच असेल. तुमच्या टीममध्ये बाप झालेला कुणी असेल तर त्याची बॅग अशी परस्पर कुणी उतरवून ठेवली का, ते आठवून बघा.

यावर दोन ओळींची मेल पुरे : 'बाहेरगावच्या कामांसाठी मी उपलब्ध आहे. एखाद्या वेळी जमलं नाही तर मी सांगेन, तोवर माझं नाव यादीत धरावं.' पण ती पाठवण्याआधी स्वतःला विचारा, जायचंय का? नको असेल तर त्यात काही गैर नाही, फक्त तो निर्णय तुमचा असावा. हवं असेल तर घरी बसून बोला. तुमचा नवरा नोकरी सोड म्हणतो, त्यात माया आहे हे दिसतं. 'तू चार दिवस जा, पोरीचं मी बघतो' असं तो म्हणाला का, हे पत्रात नाही. म्हणाला असेल तर मी आगाऊपणा केला. नसेल तर नोकरी सोडण्याच्या आधी हे वाक्य त्याच्याकडून घ्या. आणि पुरुषांच्या बाजूनेही एक गोष्ट खरी आहे : मुलीला आणायला पाच वाजता निघणाऱ्या बापाकडे ऑफिसं ज्या नजरेने बघतात, तीही याच साच्यातून निघालेली असते. तुमच्या खोलीतल्या सहापैकी एखाद्याला ती बोचत असेल.

आता ती ओळ. तुमच्या अक्षरातली, तुमच्या कल्पनेपुढे दुसऱ्याचं नाव असलेली. पत्रातलं हे एक वाक्य मला दोन दिवस सोडत नव्हतं. लिहिणारी व्यक्ती बोलू शकत नाही, तिचा हात गुंतलेला असतो. ती बोललीच तर स्वतःचं बोलणं लिहायला तिला थांबावं लागतं, आणि स्वतःचं नाव स्वतः लिहिणं आगाऊपणाचं वाटतं. दुसरा मोठ्याने बोलला की लिहायला सोपं. ही तुमच्या एकटीची चूक नाही. बराक ओबामांच्या काळात व्हाइट हाउसमधल्या महिला कर्मचाऱ्यांनी यावर एक साधी युक्ती काढली होती. एकीने मुद्दा मांडला की दुसरी तो पुन्हा उच्चारायची आणि मांडणारीचं नाव घ्यायची. मग तो मुद्दा दुसऱ्या कुणाच्या नावावर खपवणं अवघड व्हायचं. तुम्ही तिथे एकट्या आहात, पण ही युक्ती बाईच करू शकते असं कुठे आहे? एखाद्या समजूतदार सहकाऱ्याला आधी सांगून ठेवा. त्याचे मुद्दे तुम्ही त्याच्या नावानिशी उचला, तुमचे त्याने. आणि कुणी तुमचाच मुद्दा परत मांडला तर रागाशिवाय एवढंच : 'हो, मघाशी मी जे म्हणत होते तेच. त्यात पुढे मला असं सुचतंय…' पुढचं वाक्य तयार हवं, म्हणजे मुद्दा तुमच्याकडे परत येतो आणि कुणाची फजितीही होत नाही.

तक्रार करावी का? बोलणं होऊन, तक्ता देऊन, मेल पाठवूनही काही हललं नाही तर एचआरकडे जावं, आणि पगारातही तफावत आढळली तर नक्कीच. वाट पाहायची ती मात्र बेताने. अमेरिकेत अलाबामा राज्यातल्या एका टायर कारखान्यात लिली लेडबेटर १९ वर्षं पर्यवेक्षक होत्या. सहकारी पुरुषांपेक्षा आपल्याला कमी पगार आहे हे त्यांना अखेरच्या दिवसांत एका निनावी चिठ्ठीतून कळलं. त्या लढल्या, पण २००७ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने मुदत उलटल्याच्या मुद्द्यावर त्यांच्या विरोधात निकाल दिला. पगार पहिल्यांदा कमी ठरला तेव्हापासून १८० दिवसांत तक्रार करायला हवी होती म्हणे, जी गोष्ट त्यांना माहीतच नव्हती. पुढे २००९ मध्ये त्यांच्या नावाचा कायदा झाला आणि मुदत प्रत्येक पगारापासून नव्याने मोजली जाऊ लागली. लेडबेटर यांच्या हाती त्यातला एक पैसाही पडला नाही. तुमच्या ठिकाणी तक्रारीची मुदत किती, हे आधी काढून ठेवा. तारखा आणि मेल ऑफिसच्या संगणकाबाहेरही ठेवा.

नोकरी सोडणं हा पर्याय शेवटचाच असावा असं नाही. सहा महिने द्या. त्यात पाळी सुरू झाली नाही, झेपेचा अर्थ कुणी सांगितला नाही आणि यादीत नाव आलं नाही, तर खुशाल शोधा. फक्त हे एकदा बोलून झाल्यावर शोधा. न बोलता गेलात तर नव्या ठिकाणीही कपाटावर एक वही असेलच. मुलाखतीला जाल तेव्हा दोन प्रश्न विचारा : गेल्या वेळी बढती मिळालेल्यांनी त्याआधी कोणती कामं केली होती, आणि तुमच्याकडे टिपणं कोण काढतं? दुसऱ्या प्रश्नावर समोरचे जर एकमेकांकडे बघून हसले आणि एखाद्या बाईचं नाव घेतलं, तर बरंच कळेल.

हे सगळं डिझाइन कंपनीपुरतं नाही. शाळेत, रुग्णालयात, बँकेत वहीच्या जागी दुसरं काही असेल. मोजणं आणि पाळी लावणं तिथेही चालतं. पुरुष वाचकांसाठी काम आणखी सोपं आहे. पुढच्या मीटिंगला कुणी सांगायच्या आत वही उचला आणि नाव ज्याचं त्याचं लिहा.

तुम्ही मात्र पुढच्या मीटिंगला पाच मिनिटं आधी जा आणि कपाटापासून सगळ्यात लांबच्या खुर्चीत बसा. वही त्या दिवशीही टेबल ओलांडून तुमच्यापर्यंत आली, तर ती किती जणांच्या हातांतून आली ते मोजा आणि मला कळवा. दोन आठवड्यांचे तासही.